तळहातावर मीठ

माझे जे जे नुकसान झाले, त्याची दाद मी वेळोवेळी संबंधित कार्यालयांत लेखी मागितलेली आहे. एका नुकसानीची दाद मात्र कुठेच मागता येत नाही, कारण ते कोणाच्याही अखत्यारीत बसत नाही. म्हणून ते येथे नमूद करतो. त्यास कारण झाली टीव्हीवरची एक शैक्षणिक मालिका. 'वस्तूच्या पोटात' हे तिचे नाव. रविवारी सकाळी ती लागत असे. रोजच्या वापरातली एखादी वस्तू घ्यायची, ती उघडायची किंवा ती जिथे तयार होते तिथे जायचे, आणि ती कशी बनते, कशी चालते हे जगाला समजावून सांगायचे, असा त्या मालिकेचा उद्योग होता. कुलूप, काड्यापेटी, पँटची चेन, कुकरची शिट्टी, छत्री, काहीही तिच्या तावडीतून सुटले नाही. सूत्रसंचालन करणारी बाई पांढरा कोट घालत असे. ती डॉक्टर नव्हती. प्रत्येक भागाचा शेवट ठरलेला असे : ती वस्तू बनवणारा माणूस ती आपल्या हाताने बाईंच्या तळहातावर ठेवी, कॅमेरा त्या तळहातावर येई, आणि बाई मान तिरकी करून म्हणत, "आता कळलं!" हे शेवटचे दृश्य वाचकांनी ध्यानात ठेवावे. आमच्या घरात ते प्रत्येक रविवारी पाहिले जात असे, आणि तरीही ते ध्यानात कोणीच ठेवले नाही.

आमचे घर भाईंदर पश्चिमेला, डोंगरीकडे जाणाऱ्या बसच्या वाटेवर, आणि घरामागे भाताची खाचरे ओलांडली की आमचे मिठागर. आगर आजोबांचा, त्यांच्यामागे माझे वडील आणि नारायण काका असा दोघांचा सारखा हिस्सा. चूल एकच होती. सकाळी जाग येई ती आईच्या भाकरी थापण्याच्या आवाजाने, आणि त्या पाठोपाठ काकीच्या बांगड्या भांड्यांवर वाजत. रविवारी तांदळाच्या भाकऱ्या आणि कांद्यात परतलेला सुका जवळा असे, आणि त्या वासात सगळे घर काकांच्या खोलीत जमे, कारण टीव्ही काकांचा होता. बाबा दारातच उकिडवे बसत, आत येत नसत. उन्हाळ्यात आगरावरून आलेल्या माणसांच्या पायांना मीठ चिकटलेले असे. ओसरीवरून कोणी चालले की फरशीवर करकर असा बारीक आवाज येई. तो आवाज मी नंतर कुठेही ऐकलेला नाही. आता मी लोकांचे अर्ज लिहून द्यायला जिथे टेबल मांडून बसतो, त्या महापालिकेच्या आवाराबाहेर रिक्षांचे आवाज आहेत, झेरॉक्सच्या यंत्राचा आवाज आहे, आणि 'साहेब, जरा माझं आधी बघा' हा आवाज आहे. माझे शिक्षण दहावीपर्यंत झाले. दहावीचा निकाल काय लागला, हे आता मला कोणी विचारत नाही, कारण विचारण्याइतके शिकलेल्यांचेच अर्ज माझ्या हातून जातात.

काकांवर त्या मालिकेचा परिणाम एखाद्या व्यसनासारखा झाला होता. काका बाबांपेक्षा बरेच लहान, देखणे, आणि आगरावर उतरले की अर्ध्या तासात सावली शोधणारे. मालिका पाहू लागल्यापासून मात्र ते घरातल्या वस्तूंकडे संशयाने बघू लागले. कुलपाचा भाग झाला, तेव्हा पेटीचे कुलूप उघडून दाखवताना त्यांनी ते कायमचे उघडे करून ठेवले. छत्रीचा भाग झाला, तेव्हा काकीची छत्री गेली. मिक्सरच्या भागानंतर आईचा मिक्सर ओसरीवर वर्तमानपत्रावर सुटा होऊन पडला होता, आणि काका पांढऱ्या कोटातल्या बाईच्या सुरात विचारत होते,

"वयनी, तुमाला ठाव हाय का, मिक्सर कसा फिरते?"

"मना तो फिरला पायजे, भावजी," आई म्हणाली. "कसा फिरते ते तुमी ठेवा तुमच्याजवल."

तो मिक्सर परत फिरला नाही. आईने कोपऱ्यातला पाटा धुऊन घेतला आणि पुढची सगळी वाटणे त्यावर केली. ज्ञानप्रसाराचे हे फळ मी त्या वयातही नीट पाहून ठेवले होते. वस्तू उघडणाऱ्याला ती कळते, हा त्या मालिकेचा पाया होता आणि तो पायाच कच्चा होता. उघडणाऱ्याला फक्त उघडता येते. पण मी तेव्हा सतरा वर्षांचा, शाळा सुटलेला, आगरावर बाबांच्या हाताखाली लागलेला. माझे मत कोण विचारणार? काका तर मला येताजाता टोमणे मारत. "दिन्या, तू शाला सोडलीस ते बरा केलास. टीवी बग, सगला शिकशील. मास्तरपेक्षा ही बाई बरी, मारत पन न्हाय."

त्या घरातला एक नियम येथे सांगणे आवश्यक आहे. आमच्याकडे मीठ कोणी कोणाच्या हातावर देत नसे. हातावर मीठ दिले की देणाऱ्याघेणाऱ्यात भांडण होते, ही समजूत महाराष्ट्रात पुष्कळ घरांत आहे. परंतु जिथे मीठच पिकते तिथे ती समजूत राहत नाही, ती कामाची पद्धत होते. जेवताना कोणी मीठ मागितले तर आई ते पानात वाढी. शेजारीण वाटी घेऊन आली तर वाटी जमिनीवर ठेवायला सांगून तीत घाली आणि शेजारणीने ती स्वतः उचलायची. व्यापारी आगरावर नमुना बघायला आला तर बाबा फावड्याच्या पात्यावर मीठ घेत आणि फावडे त्याच्या पायाशी बांधावर टेकवत. तारोडीहून मासळी खारवायला मीठ नेणाऱ्या बायका येत, त्यांना हे ठाऊक होते. त्या पदर पसरत नसत, टोपल्या खाली ठेवत. आम्हा मुलांना भांडायचे असले तर आम्ही एकमेकांच्या मुठीत मीठ कोंबायची धमकी देत असू. धमकीच, प्रत्यक्ष कोणी कधी कोंबले नाही.

त्याच सुमारास आगराच्या कडेने इमारतींसाठी मातीचा भराव पडू लागला होता. एका बिल्डरचा माणूस सणासुदीला मिठाईचा खोका घेऊन येई. बाबा तो खोका मजुरांत वाटून टाकत, काका मात्र त्या माणसाला बसच्या थांब्यापर्यंत सोडायला जात. काकांचे म्हणणे होते की आगर आता नावापुरता चालतो, तो बंद करून टाकावा. बाबांचे म्हणणे होते की जोवर दोघे भाऊ बांधावर उभे आहेत तोवर आगर चालू आहे. हिस्सा दोघांचा, सही दोघांची. बाहेर मात्र आगर बंद पडला, बंद पडणार, अशी कुजबुज सुरू झाली होती, आणि मिठाच्या धंद्यात कुजबुजीइतके वाईट काही नाही, कारण मीठ काढणारी माणसे बाहेरून येतात. आमच्याकडे पालघरच्या बाजूची एक टोळी वर्षानुवर्षे येई. पाऊस संपला की त्यांचा मुकादम येऊन बोली करून जाई. एक हंगाम टोळी चुकली, तर पुढल्या पावसात बांध फुटतात, खाडीचे पाणी आत येते, आणि मग आगर पुन्हा बांधून काढणे साध्या माणसाच्या आवाक्यातले राहत नाही.

एका रविवारी मालिकेच्या शेवटी पाटी आली : तुमच्या परिसरात एखादी वस्तू तयार होत असेल तर आम्हाला कळवा. काका उठलेच. "दिन्या, तुजा अक्षर बरा हाय. लिव." मी लिहिले. 'आम्ही पिढ्यान्‌पिढ्या मीठ पिकवणारे असून आपल्या ज्ञानवर्धक मालिकेने आमच्या आगरास भेट देण्याची कृपा करावी, ही नम्र विनंती' असा मजकूर होता. भाषा माझी, मागणी काकांची, सही काकांची. पुढे कोणी कोणी त्यावरून मला बोल लावला, म्हणून हे स्पष्ट करतो की अर्ज लिहिणारा अर्जातल्या मागणीस जबाबदार नसतो. या तत्त्वावर मी आजवर व्यवसाय केलेला आहे, आणि त्या दिवशीही ते लागू होते. तो माझ्या हातचा पहिला अर्ज. तो मंजूर झाला.

मालिकेची माणसे येणार म्हटल्यावर बाबा संतापतील असे आम्हाला वाटले होते. बाबा भाकरीचा तुकडा कालवणात बुडवत म्हणाले, "येऊ दे. आगर चालू हाय ते सगल्यांना दिसू दे. मंग बगू कोन बोलते बंद पडला म्हनून."

"दादा, बोलनार कोन?" काका म्हणाले.

"मीच बोलनार. मोठा कोन हाय?"

काका हसले. त्या हसण्यात मला तेव्हाच काहीतरी खटकले होते. परंतु खटकणे हा पुरावा नव्हे.

ती माणसे ऐन हंगामात आली. बांधावर गाडी येत नाही, म्हणून त्यांना खाचरांतून चालत यावे लागले आणि पहिली कुरकुर तिथेच सुरू झाली. बाई पांढऱ्या कोटातच होत्या. कोटाच्या आत त्यांना किती उकडत होते ते त्या दर दोन वाक्यांआड सांगत होत्या. आईने आणि काकीने पहाटेपासून खपून भाकऱ्या आणि चिंबोऱ्यांचे, म्हणजे खाडीतल्या खेकड्यांचे, कालवण केले होते. त्यांच्यातल्या एकाने झाकण उघडून आत पाहिले, झाकण लावले, आणि आम्ही आमचे डबे आणलेत, असे हिंदीत सांगितले. आईने ते कालवण संध्याकाळी मजुरांना वाढले. चिंबोऱ्या मोठ्या होत्या, हे ती नंतर अनेक वर्षे सांगत असे.

बाबांनी इस्त्रीचा सदरा घातला होता. आगरावर सदरा घातलेले बाबा मी त्यापूर्वी पाहिले नव्हते. त्यांनी बाईंना सगळे क्रमाने दाखवले. भरतीला खाडीचे पाणी कोणत्या तोंडाने आत घ्यायचे, ते एका वाफ्यातून दुसऱ्यात कसे फिरवायचे, प्रत्येक वाफ्यात ते उन्हाने कसे दाट होत जाते, आणि शेवटच्या वाफ्यात उतरण्याआधी त्याची जमीन पायांनी तुडवून तुडवून कशी घट्ट करावी लागते, नाहीतर मिठात चिखल येतो. बाई मान हलवत होत्या. डायरेक्टर घड्याळ पाहत होता. "काका, थोडं शॉर्टमध्ये," तो बाबांना म्हणाला. बाबांनी शॉर्टमध्ये सांगितले. "अजून थोडं शॉर्ट." मग बाबांनी दाताळे घेऊन मीठ ओढायला सुरुवात केली. माझ्या मते त्या दिवसाचे सर्वांत खरे चित्रीकरण तेच होते. ते पुढे दाखवले गेले नाही.

मग डायरेक्टरला मिठाची रास पसंत पडेना. "ग्रे दिसतंय रे. व्हाइट नाही का मिळणार?" आमचे मीठ राखाडी झाक असलेले, जाडे, खाडीकाठचे मीठ तसेच असते. त्यांच्यातल्या एका पोराने पिशवीतून दुकानातल्या मिठाचे पुडे काढले, दाताने फाडले आणि आमच्या राशीवर ओतले. ऊन त्यावर चमकू लागले. बाबा राशीजवळ गेले, वाकले, आणि ओंजळी भरभरून ते पांढरे मीठ वरून काढून बांधापलीकडे टाकू लागले. डायरेक्टर बाईंकडे पाहून इंग्रजीत काहीतरी बोलला. बाई म्हणाल्या, "असू दे, शेवटचा शॉट घेऊन टाकू."

आणि त्यांनी तळहात पुढे केला.

आमच्या घरातली मोठीधाकटी सगळी माणसे त्या वेळी बांधावर उभी होती. इतके रविवार आम्ही तो तळहात पाहिला होता. त्यावर कुलूप ठेवलेले पाहिले, चेन पाहिली, काड्यापेटी पाहिली. आमची पाळी आली की त्यावर मीठ ठेवावे लागेल, हा साधा हिशेब आमच्यातल्या एकालाही आधी सुचला नव्हता. आईने पदर तोंडाशी नेला.

"काका, मूठभर मीठ माझ्या हातावर ठेवा," बाई म्हणाल्या. "थोडं उंचावरून सोडा, म्हणजे नीट दिसेल."

"हातावर देत न्हाय," बाबा म्हणाले. त्यांनी फावड्यावर मीठ घेतले आणि फावडे बाईंच्या पायांशी टेकवले. "उचलून घ्या."

"का? खराब आहे का?"

"खराब न्हाय. हातावर दिला की भांडन होते."

बाई हसल्या. वाईट हसल्या असे म्हणता येणार नाही. लहान मूल काही बोलले की हसतात तसे हसल्या, आणि तेच मला जास्त झोंबले. "आपलं कशाला भांडण होईल, काका? मी तर निघाले आता." डायरेक्टर पुढे आला. प्रत्येक भागाचा शेवट असाच होतो, तो बदलता येत नाही, असे त्याने समजावले. बाबा फावड्याकडे बोट दाखवत राहिले. ऊन डोक्यावर आले होते. बाई तळहात पसरून उभ्याच होत्या, आणि त्यांच्या कपाळावरून घाम डोळ्यांत उतरत होता.

तेव्हा काका पुढे झाले. त्यांच्या अंगातला शर्ट नवा होता, हे मला त्या क्षणी दिसले. त्यांनी राशीत हात घातला, मूठ भरली, आणि बाईंच्या तळहातावर चांगली उंचावरून रिकामी केली. इतक्या सफाईने, की तालीम केली असावी.

"नाऱ्या!" बाबा म्हणाले.

"दादा, तो कॅमेरा हाय. त्याला काय समजते?"

बाई म्हणाल्या, "आता कळलं!" आणि लगेच काकांकडे वळून विचारले, "आणि हे सगळं अजून किती वर्षं चालणार, काका?" काकांनी कॅमेऱ्याकडे पाहिले. तसे कसे पाहायचे ते त्यांना ठाऊक होते. "ह्ये आता टिकत न्हाय, मॅडम. पुढल्या सीझनला बगा, सगला बंद." बाबा पाठ फिरवून बांधावरून घराकडे चालू लागले. कॅमेरेवाल्याने पाठमोऱ्या बाबांकडे कॅमेरा वळवला, हे मी माझ्या डोळ्यांनी पाहिले आहे.

तो भाग लागला त्या रविवारी काकांच्या खोलीत उभे राहायला जागा नव्हती. शेजारीपाजारी आले होते, खिडकीतून पोरे लोंबकळत होती. आई मात्र चुलीपाशीच राहिली. पडद्यावर आमचा आगर आला तेव्हा सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. काकांच्या नावाची पाटी आली, खाली 'मिठागर मालक'. पाणी कसे दाट होते, हे बाबांचे शब्द बाईंच्या तोंडून ऐकू आले. राखाडी राशीवर दुकानातले मीठ पडल्याबरोबरचा तो एक चमकता क्षण त्यांनी ठेवला होता. मग बाई म्हणाल्या, "इथे अजूनही अशी समजूत आहे की हातावर मीठ दिलं की भांडण होतं. पण मित्रांनो, मीठ म्हणजे फक्त सोडियम आणि क्लोरिन!" सोडियम आणि क्लोरिन हे सख्खे भाऊ नव्हेत, आणि एका आगरावर त्यांचा समान हिस्सा नव्हता, एवढेच माझे त्यावर म्हणणे आहे. शेवटी काकांचे ते वाक्य, बासरीचे रडके सूर, आणि बांधावरून दूर जाणारी बाबांची पाठ. "एक परंपरा अस्ताला जाताना," बाई म्हणाल्या. मग साबणाची जाहिरात.

बाबा दारात उकिडवे बसलेले होते. ते उठले नाहीत. माणसे त्यांना ओलांडून, चुकवून बाहेर पडली. खोली रिकामी झाल्यावर बाबा म्हणाले, "मी त्यांना बोलावला ते आगर चालू हाय म्हनून दाखवाला. तू काय दाखवलास?"

"मी खोटा काय बोललो?"

"मेलेल्याचा बोलतात तसा बोललास. जित्याजागत्या आगराचा."

"दादा, डोला उघड. आजूबाजूला भराव बग."

"तू हातावर मीठ दिलास, नाऱ्या. सगल्या दुनियेसमोर दिलास."

काकांनी टीव्ही बंद केला. "मीठ दिला म्हनून भांडन होते काय? तू करतोस म्हनून होते."

हे वाक्य काकांना फार चतुर वाटले असावे, कारण पुढे त्यांनी ते नातेवाइकांत बऱ्याच ठिकाणी म्हणून दाखवले. मी त्याचा अनेक वर्षे विचार केला आहे. अर्जात असा युक्तिवाद आला तर मी तो खोडून काढतो : घटना आधी, तिचा दोष नंतर, आणि दोष घटना घडवणाऱ्यावर. त्याच संध्याकाळी काकीने ओसरीच्या दुसऱ्या टोकाला स्टोव्ह पेटवला. त्या स्टोव्हची घरघर आणि आईच्या भाकरीचा आवाज एकाच वेळी येऊ लागला, आणि एका घरात दोन स्वयंपाक सुरू झाले.

तरीही भाऊ भांडले म्हणून आगर मरत नाही. आगर मेला तो पाऊस संपल्यावर. मुकादम आलाच नाही. बाबा वाट पाहून कंटाळले, तेव्हा मला घेऊन त्याच्या पाड्यावर गेले. मुकादम खाटेवरून उठला, पाणी दिले, आणि खाली बघत म्हणाला, "शेट, आमच्याकडं सगल्यांनी टीवीवर बघितला. तुमच्या भावानंच सांगितला ना, पुढल्या सीझनला बंद म्हनून? माझी मान्सं कुठं अडकवून ठेवू? दुसरीकडं लावली." बाबा त्याला म्हणाले, "मालक मी हाय." मुकादम म्हणाला, "तुमी तं पाठ दाखवून जाताना दिसलात, शेट." परतताना बाबा एसटीच्या खिडकीला डोके टेकवून बसले होते. "मोठ्याने बोलाला पायजे होता मी," ते म्हणाले, आणि ते मला उद्देशून नव्हते.

त्या हंगामात आमच्या वाफ्यांत पाणी घेतले गेले नाही. तारोडीच्या बायका रिकाम्या टोपल्या घेऊन आल्या आणि रिकाम्याच घेऊन गेल्या. पुढल्या पावसात खाडीकडचा बांध फुटला, मग त्याच्या आतला. जिथे जमीन पायांनी तुडवलेली होती तिथे खारफुटीच्या तिवरांची रोपे उभी राहिली. आईने आयुष्यात पहिल्यांदा मिठाचा पुडा विकत आणला. तिने तो इतर सामानाच्या खाली घालून आणला होता, जणू चोरीचा माल. बाबा जेवताना पानातल्या त्या पांढऱ्या चिमटीकडे पाहत आणि ती तशीच ठेवून उठत. फुटलेल्या आगराच्या वाटणीवर बाबांनी सही केली, काकांनी आपला हिस्सा बिल्डरला लिहून दिला आणि भाईंदर पूर्वेला, इंद्रलोकमध्ये फ्लॅट घेतला. जाताना टीव्ही नेला. बाबा एका नव्या संकुलाच्या फाटकावर रखवालदार म्हणून बसू लागले आणि मी टायपिंग शिकून अर्जांकडे वळलो. त्या मालिकेच्या वाहिनीला मी रीतसर तक्रार पाठवली होती, पुढे स्मरणपत्रेही पाठवली. उत्तर म्हणून एक छापील कार्ड आले : आपल्या प्रतिसादाबद्दल आभारी आहोत, पाहत राहा. बाबा गेले तेव्हा काका स्मशानात आले होते. ते गर्दीच्या मागे उभे राहिले. मी त्यांना पुढे बोलावले नाही.

गेल्या उन्हाळ्यात, एका रविवारी दुपारी, काका आमच्या दारात उभे राहिले. काकी गेली आहे, मुलगा पुण्याकडे असतो. त्यांना ज्येष्ठ नागरिकाच्या दाखल्याचा अर्ज करायचा होता, आणि माझ्या टेबलापाशी चारचौघांत रांगेत उभे राहण्याचा संकोच वाटला, म्हणून घरी आले. पाय सुजलेले, हातात काठी. आईने त्यांना आत घेतले. मी टेबलावर कागद ओढला आणि त्यांचे पूर्ण नाव विचारले. ते त्यांनी सांगितले, जसे कोणी परक्याला सांगावे. अर्ज मी उत्तम लिहिला. माझ्याकडून वाईट अर्ज लिहिला जात नाही. कागद पुढे सरकवून सही कुठे करायची ते दाखवले. त्यांनी सही केली.

"बरा लिवतोस," ते म्हणाले. "तुजा पयला अर्ज मीच लिवून घेतला होता, ध्यानात हाय ना?"

"आहे," मी म्हणालो.

आईने त्यांना जेवल्याशिवाय जाऊ दिले नाही. उन्हाचा आलेला माणूस, म्हणाली. तांदळाची भाकरी होती, चिंबोऱ्यांचे कालवण होते. आईला रक्तदाबाचा त्रास असल्याने आमच्याकडे हल्ली सगळे अळणीच शिजते. काकांनी पहिला घास घेतला, चावला, आणि थांबले. मग, सवयीने की म्हातारपणाच्या विसराळूपणाने, उजवा हात भाकरीत गुंतलेला म्हणून त्यांनी डावा तळहात माझ्यापुढे पसरला.

"दिन्या, जरा मीठ दे रे."

आई ताट ठेवता ठेवता थांबली. "मी वाढते पानात," ती घाईने म्हणाली आणि उठू लागली. पण गुडघ्यांमुळे तिला उठायला वेळ लागतो. मी फळीवरची बरणी काढली. झाकण उघडले. आत पुड्यातले मीठ होते, बारीक, पांढरेशुभ्र, कोणत्याही डायरेक्टरला पसंत पडेल असे.

"दिन्या, न्हाय," आई म्हणाली.

काकांनी मान वर केली. आता त्यांच्या ध्यानात आले होते. ते मला त्यांच्या डोळ्यांत दिसले. तळहात मात्र त्यांनी मागे घेतला नाही. मी मूठ भरली आणि त्यांच्या तळहातावर सोडली. थोड्या उंचावरून सोडली, म्हणजे नीट दिसेल.